संगीताने भुताला मान द्यावा : कमी खर्चातल्या हॉरर कॉमेडीच्या पार्श्वसंगीताचा आढावा

हॉरर कॉमेडीच्या दिग्दर्शकासमोर बसल्यावर संगीतकाराने पहिला प्रश्न विचारायला हवा तो हा : या प्रसंगात मी घाबरवू की हसवू? उत्तर बहुतेक वेळा ‘दोन्ही’ असंच येतं. दिग्दर्शकाच्या बाजूने ते खरंही असतं. पण एकाच ओळीत दोन्ही करायला गेलेलं संगीत ना घाबरवतं, ना हसवतं. मग त्याने कोणाची बाजू घ्यावी? गेल्या सत्तर-पंचाहत्तर वर्षांत निरनिराळ्या देशांतल्या संगीतकारांनी याची निरनिराळी उत्तरं दिली आहेत. त्यांतली काही फार थोड्या पैशांत दिलेली आहेत आणि तीच आज आपल्या कामाची आहेत.

‘स्त्री’ (२०१८) आणि ‘मुंज्या’ (२०२४) यांच्या यशानंतर हा प्रकार मोठ्या निर्मात्यांच्याही आवडीचा झाला. तरी त्याची खरी प्रयोगशाळा छोटे, स्वतंत्र चित्रपट हीच राहिली आहे. याची कारणं साधी आहेत. एक जुनं घर, पाच-सहा नट आणि रात्रीचं शूटिंग एवढ्यावर गोष्ट उभी राहते. भूत असल्यावर मोठा स्टार लागत नाही. मेकअप कच्चा राहिला, रक्त जरा जास्तच लाल दिसलं, तरी प्रेक्षक हसून घेतो. आवाजाला मात्र ही सवलत मिळत नाही. चुकीच्या जागी वाजलेला एक सूर भीती घालवतो आणि पुढचा विनोदही पाडतो. त्यातून या चित्रपटांत संगीताच्या वाट्याला येतात ते सगळा खर्च भागल्यावर उरलेले पैसे. सर्वांत नाजूक काम सर्वांत कमी पैशांत आणि सर्वांत शेवटी करायचं, अशी ही अडचण आहे.

तीन भूमिका

आजवरच्या संगीताकडे पाहिलं तर ढोबळमानाने तीन भूमिका दिसतात. पहिलीत संगीत भुतावर पूर्ण विश्वास ठेवतं. दुसरीत ते प्रेक्षकांबरोबर हसतं. तिसरीत पडद्यावर काय चाललंय याची त्याला फिकीरच नसते.

पहिल्या भूमिकेचं जुनं आणि ठळक उदाहरण म्हणजे ‘अ‍ॅबट अँड कॉस्टेलो मीट फ्रँकेन्स्टाइन’ (१९४८). युनिव्हर्सल स्टुडिओने आपल्याच राक्षसांना एका विनोदी जोडगोळीसमोर उभं केलं होतं. संगीतकार होते फ्रँक स्किनर. त्यांनी १९३९ मध्ये ‘सन ऑफ फ्रँकेन्स्टाइन’ला संगीत दिलं होतं आणि विनोदी चित्रपटातही त्यांनी राक्षसांना तशाच गांभीर्याने वागवलं. ड्रॅक्युला आला की वाद्यवृंद खरोखरच काळोख पसरवतो. त्यामुळे त्याच्यासमोर घाबरून तोतरा झालेला कॉस्टेलो अधिक हसवतो, कारण त्याची भीती आपल्याला पटलेली असते. मेल ब्रुक्सच्या ‘यंग फ्रँकेन्स्टाइन’मध्ये (१९७४) जॉन मॉरिस यांनी हेच केलं. त्यांची व्हायोलिनवरची अंगाईसारखी धून चित्रपटातून काढून ऐकवली, तर ती विडंबनासाठी रचली आहे असं कुणालाही वाटणार नाही. एल्मर बर्नस्टाइन यांनी ‘एअरप्लेन!’ (१९८०) या निव्वळ विनोदी चित्रपटाला सरळ, गंभीर संकटपटाचं संगीत दिलं आणि पुढे ‘घोस्टबस्टर्स’मध्ये (१९८४) ऑन्द मार्तनो या जुन्या विद्युतवाद्याचा थरथरता आवाज भुतांसाठी वापरला. हसवण्याचं काम त्यांनी नटांवर सोपवलं होतं.

दुसरी भूमिका कार्टूनपटांतून आली. पात्र पाय घसरून पडलं की वाद्यवृंदही सुरांच्या पायऱ्या घसरतो. प्रत्येक हालचालीला सुराची जोड देणाऱ्या या पद्धतीला मिकी माऊसचंच नाव पडलं आहे. कसबी हातात ती शोभते. डॅनी एल्फमन यांचं ‘बीटलज्यूस’चं (१९८८) संगीत जत्रेतल्या बँडसारखं उसळतं, आणि त्या चित्रपटाचं जगच तसं रंगीत, वेडंवाकडं आहे. पण यासाठी भरपूर वादक लागतात, बारीक संयोजन लागतं आणि चित्राशी फ्रेमगणिक जुळवाजुळव लागते. यांपैकी काहीच हाताशी नसताना संगणकातल्या नकली बासूनवर तीच नक्कल केली, तर ती मालिकांत पंचनंतर वाजणाऱ्या ‘टुंई’ आवाजापेक्षा वेगळी राहत नाही. ‘आता हसा’ असं सांगितलेलं प्रेक्षकाला आवडत नाही. शिवाय संगीतच भुताची टर उडवायला लागलं, की पुढच्या प्रसंगात तेच भूत घाबरवू शकत नाही. गेलेली भीती परत आणणं फार अवघड असतं.

तिसरी भूमिका मला सर्वांत मनोरंजक वाटते. जॉर्ज रोमेरो यांच्या ‘डॉन ऑफ द डेड’मध्ये (१९७८) मृतदेह एका शॉपिंग मॉलमध्ये रेंगाळत फिरतात आणि वर वाजत असतं ‘द गॉंक’ हे हर्बर्ट चॅपेल यांचं उडतं, निरागस वाद्यसंगीत. ते या चित्रपटासाठी रचलेलंच नाही; डी वोल्फ या संगीत-संग्रहातून विकत घेतलेलं तयार रेकॉर्डिंग आहे. त्या धुनेला ना मेलेल्यांची पर्वा, ना जिवंतांची. फ्रेंच अभ्यासक मिशेल शिओं यांनी अशा उदासीन संगीताचा खास विचार मांडला आहे : दृश्याची दखल न घेणारा सूर त्या दृश्याची क्रूरता वाढवतो. हॉरर कॉमेडीत तो क्रूरतेबरोबर हसूही वाढवतो. जॉन लँडिस यांच्या ‘अ‍ॅन अमेरिकन वेअरवूल्फ इन लंडन’मध्ये (१९८१) तरुणाची हाडं ताणली जाऊन तो लांडगा होत असताना ‘ब्लू मून’ हे मऊ प्रेमगीत वाजत राहतं.

‘डॉन ऑफ द डेड’मधून आणखी एक धडा मिळतो. अमेरिकेतल्या रोमेरो यांच्या आवृत्तीत संग्रहातलं संगीत भरपूर आहे. युरोपसाठी दारिओ आर्जेन्तो यांनी जी आवृत्ती संकलित केली, तिच्यात गॉब्लिन या इटालियन रॉक बँडचं संगीत प्रामुख्याने आहे आणि विनोदाच्या बऱ्याच जागा कापलेल्या आहेत. शूटिंग तेच, नट तेच. पण एक चित्रपट बोचरा विनोद करतो आणि दुसरा थरारपट म्हणून धावतो. पार्श्वसंगीत आणि संकलन मिळून चित्रपटाची जात ठरवतात, याचा याहून स्पष्ट पुरावा मिळणं कठीण.

पैसे नव्हते तेव्हा

कमी पैशांचा इतिहास पाहिला की एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसते. जे संगीत टिकलं, त्यात सहसा एकच कल्पना होती आणि ती शेवटपर्यंत नेलेली होती.

‘सायको’ (१९६०) हा विनोदी चित्रपट नाही, पण पुढच्या बहुतेक हॉरर कॉमेडींनी त्याच्याकडून उसनं घेतलं आहे. हिचकॉक यांनी तो सुमारे आठ लाख डॉलरमध्ये, आपल्या टीव्ही मालिकेच्या तंत्रज्ञांना घेऊन केला. बर्नार्ड हर्मन यांनी त्याला फक्त तंतुवाद्यं वापरली. कृष्णधवल चित्राला साजेसा एकरंगी आवाज त्यांना हवा होता. न्हाणीघरातल्या खुनाच्या प्रसंगाला हिचकॉक यांना संगीतच नको होतं. हर्मन यांनी रचलेलं ऐकल्यावर त्यांनी मत बदललं.

जॉन कार्पेंटर यांचा ‘हॅलोवीन’ (१९७८) सुमारे तीन लाख डॉलरमध्ये झाला. दिग्दर्शकानेच संगीत दिलं, तेही तीन दिवसांत. संगीताशिवाय चित्रपट दाखवला तेव्हा पाहणाऱ्या स्टुडिओ अधिकाऱ्याला भीतीच वाटली नव्हती. संगीताचे प्राध्यापक असलेल्या वडिलांनी लहानपणी बोंगोवर शिकवलेला पाच मात्रांचा ठेका कार्पेंटर यांनी पियानोवर घेतला आणि त्याखाली सिंथेसायझरचे लांब सूर धरले. कान चार मात्रांनंतर सम येईल म्हणून थांबतो आणि सम एक मात्रा उशिरा येते. भीती एवढ्याशा हिशेबात आहे. श्रेयनामावलीत वाद्यवृंदाचं भारदस्त नाव आहे, पण असा वाद्यवृंद अस्तित्वातच नव्हता.

ज्यांना रचनाकारही परवडला नाही, त्यांनी संग्रह धुंडाळले. रोमेरो यांच्या पहिल्या ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’चं (१९६८) बजेट सुमारे एक लाख चौदा हजार डॉलर होतं आणि त्याचं संगीत जवळजवळ सगळं तयार तुकड्यांतून उचललेलं आहे. त्यांतले काही तुकडे १९५९ च्या एका स्वस्त विज्ञानपटात आधी वापरून झाले होते. रॉजर कॉर्मन यांचा ‘द लिटल शॉप ऑफ हॉरर्स’ (१९६०) तर या प्रकाराचा खरा पूर्वज : माणसं खाणारं झाड, मुख्य शूटिंग दोन दिवसांत आणि खर्च सुमारे तीस हजार डॉलर. संगीत होतं फ्रेड कॅट्झ या जॅझ चेलोवादकाचं. आदल्या वर्षीच्या ‘अ बकेट ऑफ ब्लड’साठी त्यांनी दिलेलं संगीत कॉर्मन यांच्या इतर चित्रपटांतही पुन्हा ऐकू येतं. ही काटकसर असली तरी ते संगीत निवडलं अचूक होतं. कॅफेत वाजणाऱ्या निवांत जॅझला त्या झाडाची भीतीच वाटत नाही, म्हणून ते झाड अधिक विचित्र वाटतं. याच कथेवर १९८२ मध्ये हॉवर्ड अ‍ॅशमन आणि अ‍ॅलन मेंकन यांनी संगीतिका केली आणि ती जगभर गाजली.

स्टुअर्ट गॉर्डन यांच्या ‘री-अ‍ॅनिमेटर’मध्ये (१९८५) रिचर्ड बँड यांचं शीर्षकसंगीत उघडपणे ‘सायको’च्या तंतुवाद्यांची आठवण करून देतं, पण त्याखाली त्यांनी एक खट्याळ ठेका ठेवला आहे. हर्मन यांचं उसनं घेतल्याची टीका त्यांच्यावर झाली. तरी शीर्षकं संपेपर्यंत प्रेक्षकाला कळतं की इथे रक्त खरं असणार आणि हसायलाही परवानगी आहे. शीर्षकसंगीताचं हे काम फार महत्त्वाचं असतं. सॅम रेमी यांच्या ‘द ईव्हिल डेड’ (१९८१) आणि ‘ईव्हिल डेड २’ (१९८७) यांचे संगीतकार जोसेफ लोडुका हे डेट्रॉइटचे जॅझ गिटारवादक. दुसऱ्या भागात नायकाचा स्वतःचाच हात त्याच्यावर उलटतो आणि बशा फोडतो. हा निखळ कार्टूनचा मालमसाला आहे, पण एकूण संगीत जिवावरचं संकट विसरत नाही.

पुढचा मोठा टप्पा ‘व्हॉट वी डू इन द शॅडोज’ (२०१४). न्यूझीलंडच्या या चित्रपटात वेलिंग्टनमध्ये एकत्र भाड्याने राहणारे रक्तपिपासू भांडी कोणी घासायची यावरून भांडतात. सुरुवातीला नॉर्मा तनेगा यांचं १९६६ चं ‘यू आर डेड’ हे गाणं येतं : साधी गिटार, हसरी चाल आणि विषय मृत्यू. नवं, महागडं शीर्षकसंगीत रचण्यापेक्षा विस्मरणात गेलेलं एक नेमकं गाणं शोधणं किती मोलाचं ठरतं, ते इथे कळतं.

शिनिचिरो उएदा यांचा जपानी ‘वन कट ऑफ द डेड’ (२०१७) अवघ्या तीस लाख येनमध्ये झाला आणि त्याने जपानमध्ये तीन अब्ज येनपेक्षा जास्त कमाई केली. पहिली सदतीस मिनिटं एकाच सलग शॉटमधला कच्चा झॉम्बीपट. त्यातले अवघडलेले थांबे आणि दाराबाहेरचे विचित्र आवाज सुरुवातीला चुका वाटतात. उत्तरार्धात तेच आवाज कॅमेऱ्यामागून ऐकू येतात आणि सगळं थिएटर हसतं. आवाज बदललेला नसतो, आपल्याला मिळालेली माहिती बदललेली असते. याहून स्वस्त आणि याहून हुशार ध्वनियोजना दाखवणं अवघड आहे.

आपल्याकडचा वारसा

भीती आणि हशा एकत्र बांधण्याचं तंत्र आपल्याला परकं नाही. कोकणातल्या दशावतारात आणि नमन-खेळ्यांत संकासुर येतो. काळा पोशाख, लोंबणारी लाल जीभ. मुलं घाबरून आईला बिलगतात आणि त्याच क्षणी त्याच्या बोलण्याला मोठी माणसं हसत असतात. साथीला पायपेटी, पखवाज आणि झांज एवढीच वाद्यं. पखवाजवादक नटाच्या पावलावर नजर ठेवून जागच्या जागी ठेका उचलतो आणि थांबवतो. संकासुराच्या प्रवेशाला वाजणारा पखवाज राक्षसाचा मान ठेवूनच वाजतो. हसवण्याचं काम संवाद करतात. युनिव्हर्सलच्या स्टुडिओत स्किनर यांनी घेतलेली भूमिका सिंधुदुर्गातल्या देवळांपुढे पिढ्यान्‌पिढ्या घेतली गेली आहे.

भारतीय चित्रपटांत मेहमूद यांचा ‘भूत बंगला’ (१९६५) आठवतो. राहुलदेव बर्मन यांनी त्याला संगीत दिलं आणि भूमिकाही केली. पण माझ्या मते या विषयातला सर्वांत शिकण्याजोगा भारतीय नमुना सत्यजित राय यांच्या ‘गुपी गाइन बाघा बाइन’मधलं (१९६९) भुतांचं नृत्य हा आहे. सूर जवळजवळ नाहीच. राय यांनी कर्नाटक संगीतातली चार तालवाद्यं घेतली : मृदंगम, घटम, कंजिरा आणि मोरसिंग. भुतांचेही चार वर्ग केले आणि प्रत्येकाला आपापलं वाद्य दिलं. हे वर्ग आधी डौलात नाचतात आणि मग एकमेकांशी भांडून संपतात. तालाची गुंतागुंत खरी, वादन अव्वल, त्यामुळे भुतांचं जग खरं वाटतं आणि त्यांचा दिमाख हास्यास्पदही. भुतांच्या राजाचा आवाज राय यांचा स्वतःचाच होता, ध्वनिमुद्रणाचं तंत्र वापरून बदललेला. ध्वनिफीत दुप्पट वेगाने फिरवली की आवाज एक सप्तक वर जातो. त्या काळी त्यासाठी यंत्र लागायचं, आज फोनवरही हे होतं.

मराठीत महेश कोठारे यांच्या ‘झपाटलेला’चा (१९९३) ठसा तीस वर्षांनंतरही पुसलेला नाही. रामदास पाध्ये यांच्या बाहुल्याला दिलीप प्रभावळकर यांनी दिलेला खरखरीत आवाज हेच तात्या विंचूचं खरं संगीत आहे. त्या बाहुल्याचा मंत्र कानावर पडताच लक्ष्मीकांत बेर्डे यांचा चेहरा उतरतो आणि आपण हसतो, पण बाहुला मात्र कधीही गंमत म्हणून बोलत नाही. पुढे ‘गो गोवा गॉन’ने (२०१३) गोव्याच्या पार्ट्यांमध्ये झॉम्बी आणले, तर आदित्य सरपोतदार यांनी ‘झोंबिवली’त (२०२२) ते डोंबिवलीत आणले आणि मग ‘मुंज्या’त कोकणातल्या भुताकडे वळले. मल्याळममधला ‘रोमांचम’ (२०२३) छोट्या निर्मात्यांनी आवर्जून पाहावा. बंगळुरूमधलं एक घर, बेकार तरुणांची टोळी, कॅरम बोर्डावर मांडलेला प्लँचेटचा खेळ. सुशिन श्याम यांचं संगीत त्या मुलांच्या दंग्याला मोकळी वाट देतं आणि पाहुण्या आत्म्याच्या वेळी मात्र आवरतं घेतं.

एवढा वारसा असताना आपल्या छोट्या चित्रपटांत भूत आलं की अजूनही परदेशी सॅम्पलमधले व्हायोलिनचे चिरके आवाज ऐकू येतात. मुंजा पिंपळावरचा आणि त्याचा आवाज मात्र हॉलिवूडच्या न्हाणीघरातला. संबळ, हलगी, चौंडकं, तुणतुणं ही वाद्यं आणि ती वाजवणारे कलावंत आपल्याकडे आहेत. संथ केलेला घुंगरू, मुद्दाम उतरवलेल्या तानपुऱ्याची घरघर, पेटीच्या भात्यातून सूर न काढता सोडलेली हवा, हे आवाज एका खोलीत, एका मायक्रोफोनवर मिळतात. ते इतर कुणाच्या चित्रपटात सापडणार नाहीत. कमी पैशांत वेगळं ऐकू येण्याचा याहून सरळ मार्ग मला दिसत नाही. अट एकच : देवीच्या आणि विधीच्या वाद्यांचा संदर्भ जाणून, त्या कलावंतांना विचारून आणि मानधन देऊन ती वापरावीत.

कामाची रीत

भीतीचं शरीरशास्त्र संगीतकाराने समजून घ्यावं. डॅनियल ब्लमस्टाइन या कॅलिफोर्नियातल्या जीवशास्त्रज्ञाने मार्मोट नावाच्या प्राण्यांच्या किंकाळ्यांचा अभ्यास केला आणि २०१० मध्ये सहकाऱ्यांसह चित्रपटांच्या ध्वनिपट्ट्या तपासल्या. घाबरलेल्या प्राण्याचा स्वर फाटतो, त्यात खरखर येते, पट्टी अचानक उडी मारते. भयपटांच्या ध्वनीतही अशा फाटक्या, खरखरीत किंकाळ्या जास्त आढळल्या. म्हणजे घाबरवायला मोठा वाद्यवृंद लागत नाही. चेलोच्या तारेवर जास्त दाब देऊन ओढलेला गज पुरतो. मात्र असा आवाज सारखा वापरला की कान सरावतो. संपूर्ण चित्रपटात असे धक्के मोजकेच ठेवावेत आणि प्रत्येकाआधी शांतता पेरावी.

विनोदाचं गणित वेगळं. त्याचं सगळं बळ थांबण्यात आहे. रंगभूमीवरचा नट हशा ओसरेपर्यंत पुढचं वाक्य बोलत नाही. चित्रपटात ही सोय नाही, ती संकलकाने आणि संगीतकाराने आधीच करून ठेवायची असते. सर्वांत उपयोगी युक्ती अशी : ताण वाढवणारं संगीत पंचच्या किंचित आधी तोडायचं, वाक्य कोरड्या शांततेत पडू द्यायचं आणि हशाच्या जागेनंतरच पुन्हा यायचं. पंचवर सूर वाजवू नये. पंचखाली सूर नसणं हेच तिथलं संगीत.

यासाठी फ्रेमचा हिशेब हवा. सेकंदाला चोवीस फ्रेम आणि मिनिटाला १२० ठोके असतील तर एक ठोका बारा फ्रेमचा. ९० ठोके असतील तर सोळा फ्रेमचा. शूटिंग पंचवीस फ्रेमवर झालं असेल तर १२० च्या लयीत एक ठोका साडेबारा फ्रेमचा होतो आणि जुळणी सरकत जाते. म्हणून काम घेतानाच फ्रेमचा वेग विचारावा आणि एडिट लॉक, म्हणजे संकलन पक्कं, झाल्याशिवाय अंतिम संगीत करू नये. तीन-चार फ्रेमच्या फरकाने पंच पडतो किंवा उठतो. हशा वाढवायला संकलकाने पुन्हा शॉट हलवले, तर संगीतकाराचं आठवड्याचं काम वाया जातं आणि छोट्या चित्रपटात ते दुसऱ्यांदा करायला पैसे नसतात.

दुसरा धोका टेम्पचा. संकलन करताना तात्पुरतं म्हणून एखाद्या कोट्यवधींच्या चित्रपटाचं संगीत लावलं जातं, महिनोन्‌महिने कानावर पडतं आणि मग दिग्दर्शकाला तेच हवं असतं. एका माणसाच्या स्टुडिओतून ऐंशी वादकांचा आवाज मागणं अन्यायाचं आहे. उपाय म्हणजे संगीतकाराला पटकथेच्या वेळीच बोलवावं. त्याने शूटिंगआधी दोन-तीन मूळ धुनी आणि काही आवाज करून द्यावेत आणि संकलकाने टेम्प म्हणून तेच लावावेत. यात पैसे वाढत नाहीत, फक्त क्रम बदलतो.

साधनांची अडचण आज फारशी नाही. रीपरसारख्या ध्वनिमुद्रण-प्रणालीचा वैयक्तिक परवाना साठ डॉलरमध्ये मिळतो, वाद्यांची चांगली सॅम्पल फुकटही मिळतात. नकली तंतुवाद्यांच्या थरावर एक खरा व्हायोलिन किंवा सारंगीवादक वाजवून घेतला तर कान त्या एका खऱ्या गजावर विश्वास ठेवतो. हाती थोडेच पैसे असतील तर ते नव्या सॉफ्टवेअरवर न घालवता त्या वादकाला द्यावेत. संवादांना जागा ठेवावी : शब्दांची स्पष्टता मुख्यतः एक ते चार हजार हर्ट्‌झमध्ये असते, तिथे संगीताची गर्दी झाली की विनोद ऐकूच येत नाही. पण सगळी भीती खालच्या घुमणाऱ्या सुरांत ठेवली, तर फोनवर पाहणाऱ्याला ती ऐकूच येणार नाही. म्हणून मिक्स छोट्या स्पीकरवरही तपासावं.

हक्क आणि कागद

छोटे चित्रपट अडकतात ते बहुतेकदा इथे. एखादं जुनं गाणं वापरायचं तर दोन परवानग्या लागतात, रचनेची आणि ध्वनिमुद्रणाची. भारतात रचनेचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर साठ वर्षं आणि ध्वनिमुद्रणाचा प्रसिद्धीनंतर साठ वर्षं टिकतो. मुसोर्गस्की १८८१ मध्ये वारले, त्यांची रचना कुणीही वाजवू शकतो. ट्रोमा कंपनीने ‘द टॉक्सिक अ‍ॅव्हेंजर’मध्ये (१९८४) त्यांची ‘नाइट ऑन बाल्ड माउंटन’ अशीच वापरली. पण तीच रचना एखाद्या वाद्यवृंदाने अलीकडे वाजवलेली असेल, तर ते रेकॉर्डिंग फुकट नसतं. काही हक्कधारक फक्त महोत्सवांपुरती स्वस्त परवानगी देतात. चित्रपट ओटीटीवर गेला की ती संपते आणि ऐनवेळी गाणं काढावं लागतं. तयार संगीत देणाऱ्या संकेतस्थळांचे परवानेही नीट वाचावेत, आणि तीच धून दुसऱ्या कुणाच्या जाहिरातीत ऐकू येईल याची तयारी ठेवावी.

संगीतकाराच्या बाजूनेही कायदा उभा आहे. कॉपीराइट कायद्यात २०१२ मध्ये झालेल्या दुरुस्तीनुसार, चित्रपटगृहातल्या प्रदर्शनाखेरीज इतर वापरांतून मिळणाऱ्या रॉयल्टीतला गीतकार-संगीतकारांचा वाटा करारानेही काढून घेता येत नाही. तो फक्त वारसांकडे किंवा कॉपीराइट संस्थेकडे सोपवता येतो. आयपीआरएस ही संस्था २०१७ पासून पुन्हा नोंदणीकृत कॉपीराइट संस्था म्हणून हे काम करते. मित्राच्या चित्रपटाला फुकट संगीत देणाऱ्या तरुणाने निदान याची नोंद करून ठेवावी. मानधन कमी असू शकतं. कागद मात्र असलाच पाहिजे.

निष्कर्ष

एवढा पट पाहिल्यावर माझं मत स्पष्ट आहे. कमी खर्चाच्या हॉरर कॉमेडीत संगीताने भुताची बाजू घ्यावी. क्वचित, ठरवून, एखाद्या ठिकाणी ते बेफिकीर राहिलं तरी चालेल. त्याने स्वतः हसणं ही चैन पैसेवाल्यांची आहे, आणि त्यांनाही ती वारंवार पेलत नाही. एकच ठळक कल्पना, मोजकी वाद्यं आणि शांततेची हिंमत एवढं भांडवल ‘हॅलोवीन’ला पुरलं आणि भुतांच्या नृत्यासाठी राय यांनाही पुरलं.

मराठीत आज अनेक तरुण गट छोट्या कॅमेऱ्यावर भुताच्या गोष्टी करत आहेत. त्यांना माझं कळकळीचं सांगणं आहे : पटकथा पूर्ण होताच संगीतकाराला बोलवा. बजेटमध्ये ध्वनी आणि संगीताची रक्कम आधी बाजूला काढा आणि शूटिंग लांबलं तरी तिला हात लावू नका. आणि भुताचा आवाज शोधायला परदेशी सॅम्पलच्या यादीआधी आपल्या गावातल्या वादकाच्या घरी जा.